दुचांदीचा रिकामा दिवस

अमरावती
सोमवार, १८ नोव्हेंबर २०२४

प्रिय सत्या,

तुला तीनदा फोन केला. चौथ्यांदा तुझ्या सुनेने उचलला आणि म्हणाली, "आई म्हणतात, जे काय असेल ते लिहून पाठवा." म्हणून लिहिते आहे. पत्ता-तारीख उजव्या कोपऱ्यात, समास दोन बोटं सोडून. वसतिगृहात सिस्टर बेनेडिक्टा शनिवारी दुपारी आपल्याला ओळीने बसवून घरी पत्रं लिहायला लावायच्या, तेव्हाची सवय अजून सुटलेली नाही. तू तुझं पत्र दहा मिनिटांत संपवायचीस आणि मी तुझ्यावरून माझं उतरवून काढायची. नांदगावला माझ्या बाबांना तुमच्या हिवरखेडच्या गाईंची खुशाली कळायची. ते आईला म्हणायचे, "पोरीनं गायी कवा घेतल्या वं?"

बाबा गेले त्याला नऊ वर्षं झाली. भाजीचा मळा आता भाऊ बघतो. पण अमरावतीच्या बाजारात सांभाराची (आता सगळे कोथिंबीरच म्हणतात) ताजी जुडी हातात घेतली की मला वसतिगृहाचं फाटकच दिसतं. बाबा तिथे टोपली घेऊन उभे असायचे, प्रार्थनाघरासाठी झेंडू आणि आपल्यासाठी गाजरं. तुझ्या धाकट्या आरतीला गाजराचा मधला पिवळा भाग आवडायचा.

आता कामाचं. माझ्या 'दुचांदीच्या गोष्टी' तुला ठाऊक असतीलच. तीन भाग झाले, मुलांना फार आवडले. दोन चंद्रांचा देश, तिथली छोटी छोटी वर्षं, सगळं. माझे प्रकाशक सहदेवराव म्हणतात की मुलांसाठी दुचांदीचं भिंतीवर लावायचं कॅलेंडर काढू. पण मोर्शीच्या मोनाली नावाच्या मुलीने पत्र पाठवलं: "आजी, तिसऱ्या भागात एक दिवस हरवतो. मी दोनदा मोजलं." माझ्या टिपणांत एवढंच आहे की सात वर्षांनी एक रिकामा दिवस येतो आणि त्याची रीत सत्याला माहीत आहे.

तू गणिताची. शाळेच्या प्रदर्शनात तुझ्या तक्त्याला बिल्ला मिळाला होता. सिस्टरनी तो तुझ्या फ्रॉकवर लावला तेव्हा पहिली टाळी मी वाजवली होती. रीत लिहून पाठवशील ना?

तुझीच,
रागिणी

*

अकोला
सोमवार, २५ नोव्हेंबर २०२४

रागिणी,

तुझ्याकडे टिपणं नाहीत. वही आहे. निळ्या पुठ्ठ्याची, शंभर पानी. आरती ती उशीखाली ठेवायची, म्हणून तिची पाठ निखळली होती आणि आमच्या आईने ती काळ्या दोऱ्याने शिवली होती. आरतीच्या तेराव्याला ती पेटीत नव्हती. आई शेवटच्या दुखण्यातसुद्धा विचारायची, "सत्या, वही कोनं नेली असन वं?" मी कित्येक वर्षं उंदरांवर संशय घेतला, मग आत्यावर. तीन वर्षांपूर्वी इथे पुस्तकांच्या दुकानात तुझं पुस्तक उघडलं आणि पहिल्याच पानावर ढवळी उगवली.

ढवळी आमची गाय होती. तांबू तिची कालवड. तुझ्या वाचकांना हे माहीत आहे का?

तू विसरली असशील तर सांगते. दसऱ्याच्या तोंडावर आरतीला शाळेतून काढून हिवरखेडला आणली. बारा वर्षांची होती. अकोल्याच्या डॉक्टरांनी बाबांना व्हरांड्यात नेऊन सांगितलं की हृदयाची झडप गेली आहे, वर्ष, फार तर दीड वर्ष. त्यांना वाटलं पोरगी झोपली आहे. त्याच आठवड्यात मला वसतिगृहावर तिचं पहिलं पत्र आलं, ते माझ्याकडे आहे. "डॉक्टर म्हन्ते एक वरीस. मंग मी वर्षच लहान करून राहिली. एकाचे तीन होतात."

तिने अंगणातल्या खाटेवर पडून दोन चंद्र केले. ढवळीचा फेरा चोवीस दिवसांचा, तांबूचा पस्तीस. ढवळीच्या पाच फेऱ्यांचं एक वर्ष, म्हणजे एकशेवीस दिवस. वाढदिवस दर चार महिन्यांनी. आई दर वेळी शिरा करायची. गेली तेव्हा आपल्या हिशोबाने ती चौदा वर्षांची होती, दुचांदीत त्रेचाळीस. म्हणायची, "मी तुमच्याऊन मोठी हाओ. पाया पडा माह्या." आणि बाबा, एवढे मिशीवाले नत्थुजी खारोडे, वाकून तिच्या पाया पडायचे.

हे सगळं तुझ्या नावावर विकलं जातं आहे. मागच्या पानावर तुझा हसरा फोटो आहे.

एकच अट. तिन्ही पुस्तकांवर आणि कॅलेंडरवर आरती नत्थुजी खारोडे हे नाव छाप. मग रीत देते. तक्त्याचं राहू दे.

सत्यवती

*

अमरावती
बुधवार, ४ डिसेंबर २०२४

प्रिय सत्या,

तुझं पत्र वाचून दोन दिवस जेवण गेलं नाही. वही माझ्याकडे आहे, हे लपवत नाही. ती माझ्याकडे कशी आली ते लांबलचक आहे, कधीतरी भेटीत बोलू.

पण सत्या, थोडा माझाही विचार कर. वहीत आकडे होते, सणांची नावं होती, गाईंची चित्रं होती. गोष्टी मी लिहिल्या. माझी नात खुशी चार वर्षांची होती, ताप उतरेना, तेव्हा तिच्या उशाशी बसून मी दुचांदी सांगायला लागले. पुस्तक होईल असं मनातही नव्हतं. आरती असती तर आनंदलीच असती. सहदेवरावांना मी विचारलं. ते म्हणाले, "बाई, तीन भाग एका नावानं गेले, आता दुसरं नाव लावलं तर लोक म्हणतील आधीचं काय होतं?" आणि पहिल्या भागाच्या आभारांत मी 'एका बालमैत्रिणीस' असं लिहिलेलं आहेच. ते तिच्यासाठीच होतं.

राग सोड गं. आपण बासष्टीच्या झालो. मुलं कॅलेंडरची वाट बघत आहेत.

रागिणी

*

अकोला
गुरुवार, १२ डिसेंबर २०२४

प्रिय रागिणी,

तुझं पत्र पुन्हा पुन्हा वाचलं. तुझं बरोबर आहे. या वयात राग कुठे साठवणार? आमच्याकडे हिरव्या तुरी आल्या आहेत. सोल्याची आमटी करताना तुझी आठवण आली. तू हिवरखेडला आलीस की आईच्या हातची तीन वाट्या प्यायचीस.

आरतीचं नाव राहू दे. मुलांचा हिरमोड नको.

सोबत सात वर्षांचं पूर्ण कोष्टक पाठवते आहे. कोणत्या दिवशी ढवळी किती, तांबू किती, सण कधी, सगळं मांडलं आहे. मांडणीची रीत लिहीत बसत नाही, तुला बेरजांचा कंटाळा. तू शाळेतसुद्धा उत्तर घ्यायचीस, रीत नाही. तयार उत्तर आहे, तसंच छाप. रिकाम्या दिवसाबद्दल आरतीने जे कळवलं होतं ते तिच्याच अर्थाने, शुद्ध मराठीत उतरवून देते:

'सातव्या वर्षाच्या शेवटच्या दिवशी ढवळी आणि तांबू दोघी एकदम विझतात. त्याच्या दुसऱ्या दिवसाला तारीख नाही. तो रिकामा दिवस. त्या दिवशी कोणाचं वय वाढत नाही. ज्याने दुसऱ्याचं काही घेतलं असेल त्याने ते दिवेलागणीच्या आत, सगळ्यांसमोर, ज्याचं त्याचं नाव घेऊन परत द्यायचं. मागायला माणूसच उरला नसेल तर त्याच्या वतीने कोणीही मागू शकतं. जो परत देणार नाही, त्याचं नाव पुढचा रिकामा दिवस येईपर्यंत कोणी घ्यायचं नाही.'

हे शेवटच्या चौकोनाखाली शब्दशः छाप. मुलांना असे नियम आवडतात.

माझी एकच इच्छा. प्रकाशन रविवारी, नऊ फेब्रुवारीला ठेवशील? आदल्या दिवशी मला अमरावतीत लग्न आहे, म्हणजे येणं होईल. मागच्या रांगेत बसेन.

तुझी,
सत्या

*

अमरावती
सोमवार, २० जानेवारी २०२५

माझ्या सत्या,

तुला कसं सांगू मला किती हलकं वाटलं! शाळा सुटल्यावर तू माझी वेणी सोडून पुन्हा घालायचीस, तसं वाटलं. डोक्यावरचं ओझं कोणीतरी हळूच उतरवून ठेवल्यासारखं.

कॅलेंडर छापून आलं. प्रत पाठवते आहे. सात पानं, प्रत्येक पानाला वेगळा रंग, शेवटी एक मोकळा चौकोन आणि त्याखाली तू दिलेला मजकूर. एक शब्दही बदलला नाही. सहदेवरावांना रिकाम्या दिवसाचा नियम इतका आवडला की ते म्हणाले, "कार्यक्रमात हा एखाद्या पोरीकडून मोठ्यानं वाचून घेऊ." मोर्शीची मोनाली येते आहे, तीच वाचेल.

नऊ तारखेला दुपारी चार वाजता. दिवेलागणीच्या आत संपवू, मुलांना घरी जायचं असतं.

एक विचारायचं राहिलं. दुचांदीत आज कोणती तारीख आहे, हे मुलं हमखास विचारतील. आपल्या तारखेशी ते कसं जुळवायचं? तेवढं कळव.

तुझीच,
रागिणी

*

पोस्टकार्ड
अकोला, २५ जानेवारी

प्रिय रागिणी,
कॅलेंडर मिळालं. छपाई सुंदर. तारखेचं कार्यक्रमातच सांगते.
सत्या

*

अकोला
सोमवार, १० फेब्रुवारी २०२५

रागिणी,

काल रात्री अकोल्याला परतले आणि आठ तास गाढ झोपले. असं कित्येक वर्षांत झालं नव्हतं. सून म्हणाली, "आई, चेहरा काय खुलला तुमचा, लग्नात काही गोड खाल्लं का?" मी म्हटलं, हो.

तुझ्यासमोर सगळं घडलं, तरी लिहिते. लिहिलेलं बदलता येत नाही.

मोनालीने नियम वाचला. किती छान वाचला! 'मागायला माणूसच उरला नसेल तर' इथे ती जराशी थांबलीसुद्धा. मग कोणीतरी विचारलं, दुचांदीत आज कोणती तारीख? तू माझ्याकडे बघितलंस आणि हसून म्हणालीस, "हे माझी मैत्रीण सांगेल." मी उभी राहिले. आरतीचं ते पहिलं निळं आंतर्देशीय पत्र माझ्या पर्समध्ये होतं. त्यावरचं वाचलं: 'आज ४ ऑक्टोबर १९७६, सोमवार. दुचांदीत आज पहिला दिवस.' आणि मुलांना म्हटलं, आता मोजा.

अख्खा हॉल मोजत होता. मोनालीने नवं कोरं कॅलेंडर उलटं केलं आणि पेनाने त्याच्या पाठीवर गणित मांडलं. तू मात्र पाणी पीत होतीस. तुला अजूनही काही कळलं नव्हतं. मग ती पोरगी ओरडली, "सतरा हजार सहाशे एकसष्टावा दिवस! एकवीस वेळा आठशे एक्केचाळीस! आजच आहे! आज रिकामा दिवस आहे!"

रागिणी, दोन महिने तुझ्या घरात ते कोष्टक होतं, आणि पहिल्या दिवसाची तारीख वहीत. एक भागाकार केला असतास तर तारीख बदलता आली असती. मला खात्री होती की तू करणार नाहीस.

मी म्हटलं, "मी आरती नत्थुजी खारोडे हिच्या वतीने मागते. दुचांदी तिची आहे. तिचं नाव घेऊन परत दे." मुलं एका सुरात म्हणायला लागली, "नाव घ्या! नाव घ्या!" त्यांना वाटलं खेळच आहे. तुझ्यासाठी किती सोपं होतं. तीन अक्षरं. तू माइक हातात घेतलास आणि म्हणालीस, "या माझ्या बालमैत्रीण आहेत, प्रवासानं दमल्या आहेत. कोणीतरी त्यांना पाणी द्या."

पाणी आलं. मी प्यायले. साडेपाच वाजले होते. सव्वासहाला रस्त्यावरचे दिवे लागले, ते खिडकीतून मी पाहिले, मुलांनीही पाहिले. मग मी बाहेर येऊन रिक्षाची वाट बघत थांबले.

पुढचं मला एकाच रिक्षातून जाताना मोनालीच्या आईने सांगितलं. सही घ्यायला एकही मूल आलं नाही.

पहिला रिकामा दिवस आरतीने पाहिला नाही. पाच महिने आधी गेली. काल मी तिला तो दाखवला.

सत्यवती

*

अमरावती
शनिवार, १५ फेब्रुवारी २०२५

वर तुझं नाव घालत नाही आणि खाली माझं घालणार नाही. का ते पत्र संपेपर्यंत कळेल.

तुझं बरोबर आहे, मी भागाकार केला नाही. तुझं अक्षर बघितलं आणि डोळे मिटून उतरवून घेतलं, नववीत घ्यायची तसं. तू मला चांगली ओळखतेस.

मोनालीच्या आईने तुला अर्धंच सांगितलं. रांग लागली होती. सगळ्यांत पुढे सातआठ वर्षांची एक मुलगी होती, तिने पुस्तक उघडलं, पुन्हा मिटलं आणि म्हणाली, "बाई, तुमचं नाव लिवलं तर वाचा लागते. वाचलं तर घेतल्यासारखं होते." मग रांग विरली. घरी खुशीचंही तेच. बारा वर्षांची आहे. जेवायला वाढताना म्हणाली, "अहो, भाजी घ्या." मी म्हटलं, आजी हे काय नाव आहे? तर म्हणते, "मले त्याच नावानं माहीत हाये तुमी." आज सहा दिवस झाले. ती मला 'अहो' म्हणते आहे, आणि तिची आई तोंडाला पदर लावून हसते आहे.

तिसऱ्या दिवशी मी सहदेवरावांच्या दुकानात जाऊन बसले. त्यांना सांगितलं, नवी आवृत्ती आरती नत्थुजी खारोडे या नावाने निघेल, नाहीतर निघणार नाही. कॅलेंडरचे उरलेले गठ्ठे परत मागवले आहेत, त्यांवर नावाची पट्टी चिकटवायची आहे. ते फार चिडले. पण करतील. तुला जे हवं होतं ते तुला मिळालं. तू मागितलंस म्हणून दिलेलं नाही, खुशीने मला आजी म्हणावं म्हणून दिलं.

आता वहीचं. तू म्हणालीस परत दे, तर घे. या पाकिटासोबत जाड पुडक्यात आहे. तुझ्या आईचा काळा दोरा अजून तसाच आहे.

ती मी चोरली असं तू समजत आलीस. तर ऐक. आरतीच्या तेराव्याला तुझ्या चुलतीने, लीलाकाकूंनी, मला पेटी आवरायला सांगितली. मी वही उघडली ती शेवटच्या पानावर उघडली. तू तेव्हा धान्याच्या कोठीला टेकून बसली होतीस. दोन दिवस तू पाणीही नीट घेतलं नव्हतंस, काकू चमच्याने पाजत होत्या. संध्याकाळपर्यंत ती वही तुझ्याच हाती गेली असती. मी ती माझ्या पिशवीत टाकली, गाजरांखाली. ते पान फाडून टाकावं असं कितीदा वाटलं, पण तिच्या हातचं होतं. आणि वही परत केली असती तर पान आलंच असतं. म्हणून ठेवून घेतली. पुढे त्यातून पुस्तक केलं ते माझं पाप, ते मी कबूल करते. वही नेली ते पाप नव्हतं.

शेहेचाळीस वर्षं मी तुला ते पान दाखवलं नाही. सभेत तू उभी होतीस, हातात आंतर्देशीय, मान ताठ, तेव्हाही माझ्या जिभेवर आलं होतं. मुलांसमोर बोलले नाही, तुझ्यासाठी पाणी मागवलं. तू ते पाणी प्यायलीस आणि घरी जाऊन मला हे असं पत्र लिहिलंस. आता मी कशाला थांबू?

नाताळच्या सुट्टीत मी हिवरखेडला आले होते, आठवतं? तू मागून येणार होतीस. मी आरतीच्या खाटेवर बसून तिला प्रदर्शनाचं सगळं सांगितलं. तुझा तक्ता किती मोठा होता, विजेरीच्या दोन दिव्यांचे दोन चंद्र कसे लावले होते, सिस्टरनी माइकवर काय म्हटलं: 'ही संपूर्ण कल्पना आणि मांडणी कुमारी सत्यवती हिची.' मला वाटलं तिला माहीत असेल. मला वाटलं तिला विचारूनच तू केलं असशील. ती म्हणाली, "सत्याची म्हने?" मग म्हणाली, "बिल्ला चांदीचा हाये काय?" आणि भिंतीकडे तोंड करून झोपली.

पान शेवटचं आहे. तू वही उघडण्याआधी मीच लिहून देते, म्हणजे ते तुला माझ्या अक्षरात आधी भेटेल:

'पयल्या रिकाम्या दिवशी मागायचं.
बाबा: काई नाई.
आई: काई नाई, तिनंच मले दिलं.
रागिणी: माही हिरवी रिबन.
सत्या: दुचांदी.
रागिणीले मागाच लागन, ते विसरते. सत्याले मागायचं नाई. सत्या सोताहून देईल.'

हिरवी रिबन माझ्याकडेच होती. वहीत ठेवली आहे. मी माझं परत दिलं, उशिरा का होईना.

तुझी दिवेलागण कधी झाली, ते तू मोज. तू गणिताची.

*

अकोला
सोमवार, २४ फेब्रुवारी २०२५

पुडकं मंगळवारी आलं. शनिवारपर्यंत उघडलं नाही. तुझं पत्र पाच वेळा वाचलं आणि पाचही वेळा मनात म्हटलं की हे तू रचलं आहेस, सूड म्हणून. तू गोष्टी लिहिणारी. मग वही उघडली. अक्षर तिचंच होतं. 'दुचांदी'तल्या 'दु'चा उकार ती नेहमी शेपटीसारखा लांब ओढायची.

तू वार केलास आणि तो बरोबर बसला. शाबास म्हणते. त्या रविवारी रात्री मी जशी झोपले तशी आता बहुधा झोपणार नाही.

मी विसरले नव्हते. तुला पहिल्या पत्रात लिहिलं ना, तक्त्याचं राहू दे. सिस्टर बेनेडिक्टांनी माइक माझ्यासमोर धरला आणि विचारलं, "हे सगळं तुझंच?" मागे अख्खी शाळा. मी पंधरा वर्षांची. वसतिगृहात सगळ्या जणी मला ढोर राखणाऱ्याची पोर म्हणायच्या आणि त्या दिवशी पहिल्यांदाच कोणीतरी माझ्याकडे बघत होतं. मी म्हटलं, हो. एकच अक्षर होतं. तुला मी तीन अक्षरांसाठी भर सभेत उभं केलं.

बिल्ला मी घरी नेला नाही. वसतिगृहात लोखंडी पेटीच्या तळाशी, वर्तमानपत्राखाली ठेवला. मला वाटलं तिला कळलंच नाही. त्या सुट्टीत मी पोचले तेव्हा ती माझ्या कुशीत शिरून म्हणाली, "शाळेत काय झालं ते सांग न वं." मी तिला इतर सगळं सांगितलं. ती वाट बघत होती. मार्चमध्ये पुन्हा विचारलं, उन्हाळ्यात विचारलं. मला वाटायचं, हिला शाळेची किती हौस. रागिणी, ती मला द्यायची संधी देत होती.

हे बघ, तुझं नाव माझ्याच हातून लिहिलं गेलं. नियम मोडला. लिहिलेलं बदलत नाही, तसंच राहू दे.

बिल्ला या पाकिटात आहे. तो जस्ताचा आहे, वरचा मुलामा केव्हाच उडाला. ती विचारत होती ना.

तू कळवलंस म्हणून मोजलं. दुचांदीची सात वर्षं आणि वरचा एक दिवस म्हणजे आपली सव्वादोन वर्षं आणि थोडे दिवस. पुढचा रिकामा दिवस सोमवारी, ३१ मे २०२७ रोजी येतो. तोवर तुझं नाव मुलं घेणार नाहीत. माझंही कोणी घेऊ नये. सुनेला सांगितलं आहे, ती मला तशीही 'आई'च म्हणते, पण पेन्शनच्या कागदावरची सही मी पुढे ढकलते आहे.

तोच हॉल घे. मे महिन्याचं ऊन असेल, पंखे बघून घे. मोनालीला बोलाव, खुशीला आण. मुलांना सांग की मागच्या वेळी मागायला उठली होती ती बाई या वेळी द्यायला उठणार आहे. सिस्टर बेनेडिक्टा नाहीत, बाबा नाहीत, आई नाही. तरी माइक लाव.

मी तुला माफ केलं असं समजू नकोस. आईने मरताना वही मागितली आणि ती तुझ्या कपाटात होती. त्याचं कारण काहीही असो, मी ते सोडणार नाही. आणि तू ते पान पाठवलंस, तेही मला सोडू नकोस. आपण दोघी एकमेकींच्या चांगल्या लक्षात राहू, तेवढं पुरे आहे.

३१ मेला दुपारी चार वाजता मी पुढच्या रांगेत बसेन. तू मला खूण करू नकोस, नावाने हाक मारू नकोस, कोणाला मागायलाही लावू नकोस.

तिने लिहिलं आहे ना, सत्याले मागायचं नाई.

— आरतीची बहीण